पी अँड आयडी वाचताना: पातळीचा एक लूप

रासायनिक कारखान्यात नव्याने रुजू झालेल्या अभियंत्याच्या हाती पी अँड आयडीचा, म्हणजे पाइप आणि उपकरणांच्या ड्रॉइंगचा, गठ्ठा देऊन ‘आधी हे बघून घ्या’ असे सांगण्याची पद्धत आहे. तो बिचारा चिन्हांचा तक्ता पाठ करतो. त्यात गैर काही नाही. पण चिन्हे ओळखता येणे वेगळे आणि ड्रॉइंग वाचता येणे वेगळे. आज मी अख्खा प्लांट न घेता एकच लूप, म्हणजे मोजण्याची आणि नियंत्रणाची एक साखळी, घेणार आहे: वायू आणि द्रव वेगळे करणाऱ्या उच्च दाबाच्या सेपरेटरमधल्या द्रवाच्या पातळीचा.

चिन्हांचे जरुरीपुरते आधी उरकून घेऊ. आयएसए 5.1 या मानकाप्रमाणे वर्तुळातले पहिले अक्षर काय मोजले जाते ते सांगते; एल म्हणजे पातळी, पी म्हणजे दाब, एफ म्हणजे प्रवाह, टी म्हणजे तापमान. पुढची अक्षरे त्या उपकरणाचे काम सांगतात. त्यामुळे एलटी-101 हा पातळीचा ट्रान्समीटर, एलआयसी-101 हा पातळी दाखवून तिचे नियंत्रण करणारा कंट्रोलर आणि एलव्ही-101 हा त्याचे ऐकणारा व्हॉल्व्ह. वर्तुळ मोकळे असेल तर उपकरण फील्डमध्ये, म्हणजे प्रत्यक्ष प्लांटमध्ये, आहे, मधून सलग आडवी रेघ असेल तर ते कंट्रोल रूमच्या पॅनलवर आहे, आणि वर्तुळाभोवती चौकोन असेल तर ते डीसीएसच्या, म्हणजे संगणकीय नियंत्रण यंत्रणेच्या, पडद्यावर दिसते. तुटक रेघ विजेच्या सिग्नलची, दुहेरी तिरक्या काटांची रेघ हवेच्या सिग्नलची. ड्रॉइंग मापाबरहुकूम नसते, हेही ध्यानात ठेवा. कागदावर शेजारी दिसणारी दोन भांडी प्रत्यक्षात दोन मजल्यांच्या अंतरावर असू शकतात.

आता आपला लूप. सेपरेटरमध्ये वरून वायू निघतो, तळाशी द्रव साठतो आणि तो एलव्ही-101 मधून कमी दाबाच्या दुसऱ्या भांड्यात जातो. एलटी-101 हा 4 ते 20 मिलिअँपिअरचा सिग्नल पाठवतो, कंट्रोलर हिशेब करतो, आणि शेवटी 3 ते 15 पीएसआय हवेच्या सिग्नलने व्हॉल्व्ह हलतो. इतके सगळेच सांगतात. ड्रॉइंग वाचणाऱ्याने मात्र व्हॉल्व्हखाली लिहिलेल्या ‘एफसी’ (फेल क्लोज्ड) या दोन अक्षरांपाशी थांबले पाहिजे. हवा गेली तर स्प्रिंग हा व्हॉल्व्ह बंद करील, असा त्यांचा अर्थ. उघडा का नाही? कारण व्हॉल्व्ह उघडा राहिला तर सेपरेटर रिकामा होईल आणि आजवर तळाच्या द्रवाने अडवून धरलेला उच्च दाबाचा वायू थेट खालच्या भांड्यात शिरेल. व्हॉल्व्ह बंद राहिला तर पातळी वाढून द्रव वायूच्या लाइनमध्ये जाईल, हेही वाईटच. पण दोन वाइटांतले कमी वाईट डिझायनरने निवडलेले आहे. पी अँड आयडीवर अशा निवडी ठायी ठायी नोंदलेल्या असतात, फक्त त्यांची कारणे लिहिलेली नसतात.

त्याच लाइनवर आणखी पुढे पाहा. कुठेतरी एक छोटी खूण असते आणि तिच्या दोन्ही बाजूंना पाइपचे वेगवेगळे स्पेक, म्हणजे दाब आणि जाडीचे ठरलेले वर्ग, लिहिलेले असतात. अलीकडे जाड भिंतीचा उच्च दाबाचा पाइप, पलीकडे हलका. हा स्पेक ब्रेक कंट्रोल व्हॉल्व्हपाशी असावा असे नवख्याला वाटते. तो असायला हवा त्यापुढच्या ब्लॉक व्हॉल्व्हच्याही पलीकडे, कारण तो ब्लॉक व्हॉल्व्ह कोणी बंद केला तर मधल्या तुकड्यावर सेपरेटरचा पूर्ण दाब येतो. कंट्रोल व्हॉल्व्हला समांतर हाताने चालवायचा बायपासही असतो, आणि तो उघडा राहिला तर ‘एफसी’चा काही उपयोग नाही. म्हणून खालच्या भांड्यावरच्या सेफ्टी व्हॉल्व्हचा आकार ठरवताना हा वायू हिशेबात धरला होता का, हे विचारल्याशिवाय पुढच्या शीटकडे जाऊ नये.

22 मार्च 1987 रोजी स्कॉटलंडमधल्या ग्रेंजमाउथ येथे बीपी या तेल कंपनीच्या हायड्रोक्रॅकरमध्ये, म्हणजे जड तेलाचे हलके तेल करणाऱ्या युनिटमध्ये, नेमके हेच घडले. वरच्या सेपरेटरमध्ये सुमारे 155 बार दाब होता आणि खालचा सेपरेटर चालत होता सुमारे 9 बारवर. पातळीचा व्हॉल्व्ह मॅन्युअलवर उघडला गेला, द्रव संपला, वायू खाली घुसला आणि खालचे भांडे फुटले. एका कामगाराचा जीव गेला. त्या भांड्यावरचे सेफ्टी व्हॉल्व्ह आगीच्या प्रसंगापुरते मोजलेले होते, असा वायू लोटेल हे धरून नव्हे. आणि पातळी फारच खाली गेली तर लाइन बंद करणारी ट्रिप काही वर्षांपूर्वीच काढून टाकलेली होती.

या शेवटच्या गोष्टीमुळे आपल्या ड्रॉइंगवरच्या एलएसएलएलकडे नीट पाहावे लागते. हा अतिनीच पातळीचा स्विच एलटी-101 च्याच नॉझलवर (भांड्याच्या जोडतोंडावर) बसवला असेल, तर गाळाने नॉझल तुंबल्यावर दोघेही एकदमच आंधळे होतील. तो स्वतंत्र नॉझलवर हवा, त्याचा व्हॉल्व्हही स्वतंत्र हवा. माझ्या मते ट्रिप आणि कंट्रोल यांनी एकच व्हॉल्व्ह वापरणे म्हणजे काटकसर नव्हे, कंजुषी.

पण ड्रॉइंगवर हे सगळे ठीक दिसले तरी ते जागेवर आहे का? 1974 साली इंग्लंडमधल्या फ्लिक्सबरो येथे तडा गेलेला रिअ‍ॅक्टर काढून त्या जागी तात्पुरता बायपास पाइप जोडला होता. त्याचे एकमेव ड्रॉइंग म्हणजे वर्कशॉपच्या जमिनीवर खडूने काढलेली आकृती. 1 जून रोजी तो पाइप निकामी झाला आणि 28 माणसे मेली. असे बदल तपासून, मंजूर करून मगच करण्याची शिस्त त्यानंतर बऱ्याच ठिकाणी आली. तरीही शटडाउनच्या घाईत एखादा ड्रेन वाढतो, एखादा बायपास जोडला जातो आणि ड्रॉइंग जुनेच राहते.

त्यामुळे तुमच्यापैकी जे तारापूर, महाड किंवा लोटे इथल्या कारखान्यांत जातील त्यांनी शीट हातात घेऊन लाइन ट्रेस करावी. सेपरेटरच्या नॉझलपासून निघावे, प्रत्येक व्हॉल्व्हपाशी टॅग वाचावा, आणि जुळणार नाही ते लाल शाईने तिथल्या तिथे मांडावे. लाल खुणांची ही प्रत कपाटात ठेवू नये. ती त्याच दिवशी डॉक्युमेंट कंट्रोलकडे द्यावी, आणि नव्या रिव्हिजनचा आकडा कंट्रोल रूममधल्या प्रतीवर चढला की नाही, हे स्वतः जाऊन पाहावे.