धरण उतरवताना

श्रोतेहो, नमस्कार.

अमेरिकेच्या वायव्य टोकाला, वॉशिंग्टन राज्यात, एल्व्हा नावाची नदी आहे. तिच्यावर 1913 आणि 1927 मध्ये दोन धरणं उभी राहिली. वीज कागदगिरणीला मिळाली, पण माशांसाठी वाट कुणी ठेवलीच नाही. सामन मासा समुद्रात वाढतो आणि अंडी घालायला नदीत उलटा चढतो. त्याची वाट मुखापासून जेमतेम आठ किलोमीटरवर अडली. काठावरच्या क्लॅलम आदिवासींचं पोट याच माशावर होतं.

ही धरणं काढायला वाट देणारा कायदा 1992 मध्ये झाला. पाडकाम सुरू झालं सप्टेंबर 2011 मध्ये. एवढी वर्षं कशाला, असं वाटेल. निधीची रखडपट्टी होतीच, पण खरा प्रश्न गाळाचा होता. दोन्ही भिंतींमागे मिळून सुमारे 2 कोटी घनमीटर गाळ साठला होता. तो एकदम सुटला असता तर खालची नदी गुदमरली असती.

म्हणून पाणी टप्प्याटप्प्यानं उतरवलं. वरच्या धरणाची 64 मीटरची भिंत तराफ्यावरच्या यंत्रांनी माथ्याकडून फोडत आणली. मासे चढायच्या दिवसांत काम बंद. खालच्या पोर्ट एंजेलिस शहरासाठी पाणी शुद्धीकरणाची सोय आधीच करून ठेवली होती. तरीही गाळ आणि काटक्यांनी पाणी उचलण्याची जागा तुंबली, तेव्हा काम वर्षभर थांबवलं. मला या सगळ्या कामात हे थांबणंच सर्वांत मोलाचं वाटतं. मुदत गाठायची म्हणून कुणी रेटून नेलं नाही.

उघड्या पडलेल्या तळावर त्याच खोऱ्यातल्या बियांची रोपं लावली, नाहीतर बाहेरच्या तणानं जमीन बळकावली असती.

देशातली सर्वाधिक मोठी धरणं आपल्या महाराष्ट्रात आहेत. बहुतेक आपल्याला हवीच आहेत. पण जी निकामी होतील, त्यांच्या गाळाचा आणि खालच्या गावांच्या पाण्याचा हिशेब आजच मांडायला हवा. भिंतीला तडे गेल्यावर नव्हे.

एल्व्हाची शेवटची भिंत 2014 मध्ये गेली. त्याच वर्षी तिच्या जागेच्या वर सामन दिसले. मासेमारी मात्र 2011 पासून बंदच होती. अखेर 2023 मध्ये क्लॅलम लोकांनी या मोकळ्या नदीत पुन्हा सामन धरला.