चुलवाण आणि फॉर्म्युला वन

[दृश्य: गुऱ्हाळ, पहाट. काहिलीवर वाफ.]

हंगामात पन्हाळ्याच्या बाजूला भल्या पहाटे निघालात, तर गुऱ्हाळाचा वास आधी येतो, धूर नंतर दिसतो. चरकातून रस काहिलीत जातो. उरलेली चिपाडं उन्हात वाळतात आणि त्याच काहिलीखालच्या चुलवाणात जळतात. उसाचा रस उसाच्याच चिपाडावर आटतो. पुढे साखर कारखान्यांनी बगॅस, म्हणजे हीच चिपाडं, जाळून वीज काढली आणि त्याला सहवीजनिर्मिती असं भारदस्त नाव दिलं.

२०१४ साली फॉर्म्युला वन या मोटार शर्यतीच्या गाड्यांच्या इंजिनात जे झालं, ते कोल्हापुरात सांगायला मला तरी याहून सोपी वाट सापडली नाही.

[दृश्य: शिवाजी उद्यमनगर. लेथवर फिरणारा जॉब.]

इथे इंजिन म्हणजे काय, हे कुणाला शिकवावं लागत नाही. पेट्रोलमधली बरीचशी ताकद सायलेन्सर आणि रेडिएटरवाटे वाया जाते, हे पोरासोरांनाही ठाऊक. २०१३ पर्यंतचं २.४ लिटरचं व्ही-८, म्हणजे आठ सिलिंडरचं, इंजिन त्यातलंच. मिनिटाला १८ हजार फेरे, कानठळ्या बसवणारा आवाज, आणि शंभर रुपयांच्या इंधनातले जेमतेम तीस रुपये कामाला.

मग नियम बदलले. इंजिन १.६ लिटरचं व्ही-६, वर एक टर्बो, म्हणजे बाहेर पडणाऱ्या गरम वायूंवर फिरून इंजिनात जादा हवा कोंबणारा पंखा. शर्यतीला इंधन फक्त १०० किलो, आणि तेही तासाला १०० किलोपेक्षा जास्त वेगानं ओतायचं नाही. जोर हवा असेल, तर वाया जाणाऱ्यातून काढा!

जोडीला दोन विजेच्या मोटरी आल्या. एमजीयू-के ब्रेक लागताना वीज साठवते आणि पुढच्या सरळ रस्त्यावर १२० किलोवॅट, म्हणजे सुमारे १६० अश्वशक्ती, परत देते. ही समजायला सोपी.

खरी गंमत एमजीयू-एचची. ही बसते टर्बोच्या शाफ्टवर. उसाचा ट्रक गगनबावड्याच्या घाटात चढताना पाय दाबल्यावर जोर यायला क्षणभर लागतो, कारण टर्बोला आधी गरम वायूंनी वेग घ्यावा लागतो. इथे तो क्षण मोटर भरून काढते, टर्बो आधीच फिरवून ठेवते. आणि वायू जास्त झाले, की हीच मोटर जनित्र होऊन त्यांच्यातून वीज काढते. शाफ्टचे फेरे मिनिटाला सव्वा लाखापर्यंत. लेथवाल्या मामांना हा आकडा सांगितला, तेव्हा त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. "बेअरिंग कसलं घालत्यात?" एवढंच विचारलं.

[दृश्य: शर्यतीचं चित्रीकरण. आवाज मुद्दाम कमी.]

मर्सिडीजनं टर्बोचे दोन तुकडे केले: हवा कोंबणारा कॉम्प्रेसर इंजिनाच्या पुढे, गरम वायूंवर फिरणारं टर्बाइन मागे, मध्ये मोटर. २०१४ च्या १९ पैकी १६ शर्यती त्यांच्या. संघांचं विजेतेपद २०२१ पर्यंत सलग आठ वेळा. २०१७ मध्ये त्यांचं इंजिन चाचणीत पन्नास टक्के कार्यक्षमतेच्या पुढे गेलं. होंडा २०१५ ला मॅक्लारेनसोबत उतरली आणि पार दमली. २०२१ मध्ये रेड बुल संघाचा व्हर्स्टापेन चालकांचं विजेतेपद जिंकला, तेव्हा त्याच्या गाडीत होंडाचंच इंजिन होतं.

शौकिनांची तक्रार मात्र एकच: नाद गेला. बुलेटच्या फटफटीवर जीव टाकणाऱ्या या गावात ती खरी वाटते. पण आवाज म्हणजे तरी काय, वाया गेलेली ताकदच की. शिवाय २०२० मध्ये इटलीतल्या मोंझाला मर्सिडीजच्या हॅमिल्टननं ताशी सरासरी २६४ किलोमीटरनं पात्रता फेरी मारली, ती याच दबक्या आवाजाच्या गाडीतून.

आपल्याकडे बुद्ध सर्किटवर २०११ ते २०१३ अशा तीनच शर्यती झाल्या, तिन्ही व्ही-८ च्या. या इंजिनांची शर्यत भारतात कधी झालीच नाही.

[दृश्य: पुन्हा उद्यमनगर. दिवेलागण.]

२०२६ च्या नियमांत एमजीयू-एच काढून टाकली. फार महाग, फार किचकट, आणि रस्त्यावरच्या गाडीला तिचा उपयोग थोडा. बदल्यात एमजीयू-के ३५० किलोवॅटची.

मामांचा पोरगा विचारतो, "मग टर्बोतनं उरलेली उष्णता आता कुठं जाणार?"

मामा लेथ बंद करतात. "कुठं जाणार? धुराड्यातनं भाईर."