दप्तरातला फोन

(दृश्य: गणिताचा तास. फळ्यावर अर्धवट सोडवलेलं समीकरण. खडूचा आवाज.)

निवेदन:

तिसऱ्या बाकावरच्या मुलीकडे बघा. फोन तिच्या हातात नाही, बाकावरही नाही. दप्तराच्या पुढच्या कप्प्यात आहे, आवाज बंद करून ठेवलेला. आत्ता तो थरथरला. दप्तर बाकाच्या पायाला टेकलेलं, त्यामुळे लाकडातून एक बारीक घरघर वर आली. बाईंना ती ऐकू गेली नाही. मुलीला गेली. तिची मान अजून वहीकडेच आहे, पण पेन थांबलंय. बाईंनी पुढची ओळ लिहिली, मग त्याच्याही पुढची. वहीत त्यातली एकही नाही.

मुलं वर्गात फोन बघतात, ही तक्रार जुनी आहे. बघणारा निदान पकडता तरी येतो. न बघता वाट बघत बसलेल्या मुलाला कोण पकडणार?

(दृश्य: टेबलावर पालथा ठेवलेला फोन.)

अमेरिकेतल्या टेक्सास विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१७ साली नेमकं हेच तपासलं. सुमारे ८०० जण. काहींचा फोन समोर टेबलावर, काहींचा खिशात किंवा बॅगेत, काहींचा दुसऱ्या खोलीत. लक्ष एकवटून सोडवायच्या चाचण्या दिल्या, तेव्हा फोन दुसऱ्या खोलीत ठेवून आलेले पुढे गेले आणि तो टेबलावर असलेले मागे पडले. नंतरच्या प्रयोगांत दर वेळी असाच निकाल आला, असं नाही. पण संशोधकांनी लावलेला अर्थ कुठल्याही शिक्षकाला पटेल: ‘आत्ता उचलायचा नाही’ असं स्वतःला बजावत राहण्यातही डोक्याची ताकद खर्च होते.

शेजारच्याचा फोनही आपलं लक्ष खातो. २०२२ च्या ‘पिसा’ या आंतरराष्ट्रीय चाचणीत, ओईसीडी या मुख्यतः श्रीमंत देशांच्या संघटनेतल्या पंधरा वर्षांच्या दर शंभरातल्या ५९ मुलांनी सांगितलं की, गणिताच्या काही तासांना तरी दुसऱ्यांच्या फोन-लॅपटॉपमुळे आपलं चित्त उडतं. म्हणजे स्वतः फोन न आणणारं मूलही यातून सुटत नाही.

(दृश्य: शेवटचा बाक. वहीत खाडाखोड करणारा हात.)

आता या मुलाकडे या. या फिल्ममध्ये सगळ्यात जास्त वेळ त्याच्याजवळच थांबायला हवं.

इंग्लंडमधल्या चार शहरांतल्या ९१ शाळांचा एक अभ्यास २०१५ साली आला. फोनवर बंदी आल्यावर परीक्षेचे निकाल सुधारले, पण सगळ्यांचे सारखे नाही. वरच्या नंबरात येणाऱ्या मुलांना काही फरकच पडला नाही. मार्क वाढले ते आधीपासून मागे पडलेल्यांचे. हुशार मुलाचा एखादा मुद्दा हुकला, तरी तो दोन ओळी मागे जाऊन धागा पकडतो. ज्याला मुळात धागाच कसाबसा सापडलेला असतो, त्याच्या हातून तो एका थरथरीत सुटतो, आणि ‘सर, परत सांगा’ म्हणायचा धीर त्याला होत नाही. पुढे स्वीडनमध्ये असाच अभ्यास झाला, तेव्हा हा फायदा दिसला नाही. तरीही मला वाटतं, बंदीचा विचार करायचा तर तो या शेवटच्या बाकासाठी करावा.

फ्रान्सने २०१८ मध्ये कायदा केला, नेदरलँड्सने २०२४ पासून वर्गातून फोन बाहेर काढले, २०२५ मध्ये ब्राझीलनेही कायदा केला. सरसकट बंदी घालताना एक भान मात्र ठेवावंच लागतं. मधुमेह असलेल्या काही मुलांच्या रक्तातली साखर त्यांच्या फोनवरच दिसते. तो फोन कपाटात कोंडून चालणार नाही.

(दृश्य: मधली सुट्टी. पळापळ, आरडाओरडा.)

या शाळेत फोन सकाळीच जमा होतात. ऐका, किती गोंगाट आहे! रुसवेफुगवे आहेत, ढकलाढकली आहे, आणि कोपऱ्यात एकटा उभा असलेला मुलगाही आहे. त्याला तोंड लपवायला स्क्रीन नाही. ते सोपं नाही. पण तो एकटा आहे, हे आता निदान कुणाला तरी दिसतंय.

२०२५ साली बर्मिंगहॅम विद्यापीठाने ३० शाळांची तुलना केली. कडक नियमांच्या शाळांतली मुलं शाळेच्या वेळात फोन कमी वापरत होती. दिवसभराचा हिशोब केला, तर वापर जवळपास तेवढाच. मनःस्वास्थ्यातही फरक सापडला नाही. शाळेत वाचलेला वेळ घरी भरून निघत होता.

(दृश्य: शाळा सुटते. कपाट उघडतं. तीच मुलगी.)

फोन जमा करणं या शाळेत कालपासून सुरू झालंय; सुरुवातीला पाहिलेला गणिताचा तास त्याआधीचा. तिसऱ्या बाकावरची मुलगी रांगेत आपला फोन घेते. गेटपर्यंत धीर धरवत नाही. स्क्रीन उजळते. भर तासाला आलेला एक मेसेज, आईचा:

‘आज किती वाजता येशील गं?’