फिलिपिन्सला स्वातंत्र्य कुणी 'दिलं'? 12 जून की 4 जुलै?

नमस्कार मंडळी. मनिला बंदरावरच्या व्हिडिओखाली एकच कमेंट वेगवेगळ्या लोकांनी टाकलीय, की अमेरिकेने फिलिपिन्सला स्पेनच्या तावडीतून सोडवलं, शाळा काढल्या, रस्ते केले आणि 1946 ला स्वातंत्र्यही देऊन टाकलं, मग तक्रार कसली? उत्तर टाईप करायला बसलो तर ते संपेचना, म्हटलं कॅमेराच लावू.

आधीचं पटापट सांगतो. स्पेनचं राज्य तीनशेहून जास्त वर्षं. 1896 ला उठाव सुरू झाला, त्याच वर्षी 30 डिसेंबरला स्पेनने लेखक होसे रिझालना गोळ्या घातल्या. 1898 ला क्यूबावरून अमेरिका आणि स्पेनची जुंपली आणि 1 मेला अमेरिकेच्या ड्यूईच्या आरमाराने मनिलाच्या खाडीत स्पेनची जहाजं बुडवली. आता इथून पुढचे सात महिने नीट ऐका, सगळी गोम त्यातच आहे.

12 जून 1898. काविते प्रांतातलं कावित गाव, उठावाचा पुढारी एमिलियो आगिनाल्दोचं घर. तिथे स्वातंत्र्याचा जाहीरनामा वाचला गेला आणि झेंडा फडकला. (इथे झेंड्याचा फोटो.) हा झेंडा हाँगकाँगमध्ये शिवला होता, मार्सेला आगोन्सिल्यो या बाईंनी, मदतीला त्यांची लहान मुलगी आणि रिझालची भाची. वर निळा, खाली लाल, पांढऱ्या त्रिकोणात आठ किरणांचा सूर्य. मार्सेलाबाई लक्षात ठेवा, त्यांचे यजमान पुढे येणार आहेत.

तोपर्यंत मनिलाला वेढा कुणी घातला होता? फिलिपिनो सैन्याने. शहराबाहेरचा बराचसा मुलूख त्यांच्या हातात. आणि 13 ऑगस्टला काय झालं, तर अमेरिकन आणि स्पॅनिश अधिकाऱ्यांनी आधी ठरवून एक लुटुपुटुची लढाई केली, थोडा तोफांचा आवाज, मग पांढरं निशाण. कशासाठी? शहर फिलिपिनोंच्या हाती पडू नये म्हणून. ज्यांनी वेढा घातला त्यांनाच तटाच्या आत येऊ दिलं नाही. मग सांगा, कुणी कुणाला सोडवलं?

बरं, दुसऱ्या बाजूने बघा. 10 डिसेंबर 1898, पॅरिसचा तह. स्पेनने हा अख्खा देश 2 कोटी डॉलरला अमेरिकेच्या नावावर केला. आपल्याकडे जमिनीच्या व्यवहारात पहिला प्रश्न काय विचारतात? ताबा कुणाकडे आहे? इथे ज्याच्याकडे ताबाच उरला नव्हता त्याने खरेदीखत करून दिलं. आणि ज्यांची जमीन, त्यांचा वकील फेलिपे आगोन्सिल्यो, म्हणजे मार्सेलाबाईंचे यजमान, पॅरिसमध्ये हजर होता, त्याला बोलणीत बसूच दिलं नाही. बायकोने देशाचा झेंडा शिवला आणि सहा महिन्यांत देश विकला जाताना नवरा दाराबाहेर उभा. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बाजूला ठेवलं होतं, पुढे वाचवेना.

4 फेब्रुवारी 1899 ला युद्ध पेटलं. अमेरिकेने त्याला नाव दिलं 'बंड'. आपण 1857 बद्दल याच शब्दावरून किती वर्षं भांडलो, त्यामुळे हे मी वेगळं समजावत नाही. पण बंड म्हटलं की आधी राज्य तुमचं होतं असं आपोआप ठरतं ना, म्हणून हा शब्द खटकतो. 4 जुलै 1902 ला त्यांनी युद्ध संपल्याचं जाहीर केलं. तोवर साधारण 4,200 अमेरिकन आणि 20 हजारांवर फिलिपिनो सैनिक गेले, आणि हिंसा, उपासमार, रोगराई धरून सामान्य माणसं 2 लाखांपर्यंत. बातांगास प्रांतात अमेरिकन सैन्याने गावंच्या गावं छावण्यांत कोंडली. समार बेटावर अमेरिकन जनरल स्मिथचा हुकूम होता, दहा वर्षांवरच्यांना मारा. दहा वर्षं! पाचवीतलं पोर.

एका ताईंनी विचारलंय, पण शाळा तर काढल्या ना? हो, काढल्या, आणि ते मी नाकारत नाही. ऑगस्ट 1901 मध्ये 'थॉमस' नावाच्या जहाजातून पाचशेच्या वर शिक्षक मनिलाला उतरले, कित्येक जण लांबच्या खेड्यांत जाऊन राहिले, मनापासून शिकवलं. पण शिकवायची भाषा इंग्रजी, आणि त्याच वर्षीच्या राजद्रोहाच्या कायद्याने युद्ध चालू असेपर्यंत शांततेच्या मार्गानेसुद्धा स्वातंत्र्य मागणं गुन्हा. दोन्ही एकाच सरकारने केलं, एक सांगून दुसरं लपवू नका एवढंच म्हणणंय.

आणि लोकांनी काय केलं बघा, नाटकं केली! रंगमंचावर वेगवेगळ्या रंगांचे कपडे घातलेले नट इकडेतिकडे फिरतायत आणि एका क्षणी असे शेजारी येऊन उभे राहतात की कपड्यांचा मिळून झेंडा दिसतो, प्रेक्षकांना कळतं, आणि पुढच्या क्षणी सगळे पांगतात. नाटककार ऑरेलियो तोलेंतिनोला 1903 मध्ये नाटकापायी अटक झाली. आपल्याकडे खाडिलकरांच्या 'कीचकवध'वर 1910 ला बंदी आली, तीच तऱ्हा. 1907 पासून 1919 पर्यंत तर तो झेंडा लावणंच बेकायदा होतं, मार्सेलाबाईंनी शिवलेला तोच झेंडा.

आता तिसरी बाजू, ही माझ्या अनुभवातली. मी जहाजावर कॅडेट होतो, आमचा चीफ कुक इलोइलोचा, सगळे त्याला कुया म्हणायचो, कुया म्हणजे दादा. मी जीकेच्या पुस्तकात पाठ केलेलं, फिलिपिन्स, 4 जुलै 1946. म्हणून 4 जुलैला सकाळी गॅलीत, म्हणजे जहाजाच्या स्वयंपाकघरात जाऊन त्याला शुभेच्छा दिल्या. तो कांदा चिरत होता, सुरी खाली ठेवली, हात पुसले आणि शांतपणे म्हणाला, आमचा दिवस 12 जून, तू त्या दिवशी पॅन्सित खाल्लंस ना, ते कशाचं होतं वाटलं तुला? पॅन्सित म्हणजे त्यांच्याकडच्या नूडल्स, मी दोनदा वाढून घेतलं होतं ते, आणि कारण विचारलं नव्हतं.

1946 नंतर 4 जुलैच साजरा व्हायचा. 1962 मध्ये राष्ट्राध्यक्ष माकापागालनी तो बदलून 12 जून केला. म्हणजे त्या देशाने स्वतःच सांगितलं की आमचं स्वातंत्र्य आम्ही 1898 ला जाहीर केलं, 1946 ला तुम्ही फक्त ताबा सोडलात. हेच मी मघापासून सांगतोय. 'दिलं' नाही, 'परत केलं' म्हणा.

डोंगरातलं बाग्यो शहर, तिथे जाणारा केनन रोड, हवाईच्या उसाच्या मळ्यात गेलेले मजूर, हे सगळं राहिलं, त्याचा वेगळा व्हिडिओ करतो. आणि जहाजावरची जी मुलं हे बघतायत, रत्नागिरीची, रायगडची, कुठलीही, तुमच्या मेसरूममध्ये 12 जूनला मोठ्या परातीत पॅन्सित आलं, की खायच्या आधी कुयाला शुभेच्छा द्या.