बरसातीत दार कावून अडते?

(मूल तालुका, जिल्हा चंद्रपूर. पावसाळी सकाळ.)

धानाची रोवणी सुरू झाली की या भागात वाढईला, म्हणजे सुताराला, बोलावणी येतात. दार लागत नाही, कडी बसत नाही. घरच्या मावशींनी निदान आधीच करून ठेवलेलं असतं: "कब्जे गेले गा, नवे बसवून दे."

वाढई कब्ज्यांना, म्हणजे बिजागऱ्यांना, हात लावत नाही. कडीची बाजू धरून तो आधी दार उचलून पाहतो. दार हललं, तर वरच्या बिजागरीचे स्क्रू ढिले आहेत किंवा तिची पिन झिजली आहे. अशा वेळी दाराचा कडीकडचा खालचा कोपरा उंबऱ्याला घासतो. हललं नाही आणि उभी कड वरपासून खालपर्यंत चौकटीला अडत असेल, तर लाकूड फुगलंय. त्यात बिजागरीचा दोष नाही. "आता रंधा मारला, तर उन्हाळ्यात बोट जाईल एवढी फट दिसते," तो सांगतो. पारा पंचेचाळीसच्या वर नेणारा इथला मे महिना तेच लाकूड सुकवून आकसवतो.

हा सागवानाचा मुलूख. अयोध्येच्या राममंदिरासाठी 2023 मध्ये सागवान गेलं ते याच जिल्ह्यातल्या बल्लारपूरहून. गावातल्या जुन्या वाड्यांत अजून काही दारं अशी दिसतात, ज्यांना बिजागरीच नाही. फळीलाच वर-खाली खुंट कोरलेले, आणि खालचा खुंट दगडाच्या खळग्यात फिरतो. दाराचा सगळा भार थेट जमिनीवर.

बिजागरीवर दार टांगलं की हिशेब बदलतो. साडेसहा फूट उंच, अडीच फूट रुंद आणि 30 मिलिमीटर जाड असं भरीव सागवानी दार घ्या. सुकं सागवान घनमीटरला साधारण 650 किलो, म्हणजे हे दार 29-30 किलोंचं. दोन बिजागऱ्यांमध्ये पाच फूट अंतर असेल, तर वरच्या बिजागरीला चौकटीपासून ओढणारा जोर साडेसात किलोंच्या आसपास. खालची उलट चौकटीवर दाबली जाते. म्हणूनच आधी सुटते ती वरची.

दुकानात मात्र आपण जुनी बिजागरी खिशात घालून जातो आणि म्हणतो, "अशीच द्या." ती मुळात चुकीची असली तर? मापायचं ते दार. वजनदार सागवानी दाराला 4 इंची बिजागरी, आणि दोनऐवजी तीन. वरची माथ्यापासून सात इंचांवर, खालची तळापासून दहा इंचांवर. तिसरी मधोमध लावली तर फळी वाकत नाही. वरचीच्या जरा खाली लावली तर तिचा भार हलका होतो. दार जड असेल तर आमचं मत दुसऱ्या जागेला.

"तीन इंची" किंवा "चार इंची" ही झाली लांबी. पात्याची रुंदी कोणी विचारत नाही, आणि घोळ तिथेच होतो. दार दहा सूत (सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग) जाड असेल, तर पातं आठ-साडेआठ सुतांपर्यंतच आत जावं, मागे थोडं लाकूड राहिलं पाहिजे. नाहीतर कड तडकते. पात्याची जाडीही बोटांनी चाचपा. पातळ पत्र्याची बिजागरी स्वस्त मिळते आणि वर्षभरात वाकते.

न्हाणीच्या दाराला स्टेनलेस स्टील, आणि स्क्रूही स्टेनलेसचेच. नाहीतर बिजागरी चकचकीत राहते आणि गंजतात ते स्क्रू.

घरकुलांतल्या लोखंडी दारांना बहुधा वेल्डिंग केलेल्या बिजागऱ्या असतात. तिथे मोजायचं काही नाही, पावसाआधी तेल सोडायचं.

मावशींच्या दाराला मात्र नवं काही लागलंच नाही. वरचे स्क्रू कोणीतरी हातोडीने ठोकलेले होते, भोकं मोकळी झाली होती. वाढईने सागाच्या काड्या फेविकॉलमध्ये बुडवून भोकात बसवल्या. सुकल्यावर बारीक ड्रिल मारून दीड इंची स्क्रू पेचकसने पिळले.

"कब्ज्याचे पैसे वाचले न मावशी. आता चहा मांडा."