पंधराव्या वर्षी पहिला क्रमांक

श्रोतेहो, नमस्कार. आज बोलायचे आहे ते डेनिस सीटन या गायकाविषयी. वयाच्या पंधराव्या वर्षी ज्याचा आवाज ब्रिटनमध्ये घरोघरी पोहोचला आणि विसावे वर्ष लागण्याआधीच ज्याचे नाव ‘माजी’ या विशेषणाशिवाय घेतले जाईनासे झाले, असा हा ‘रेगे’ या जमैकन संगीतप्रकारातला गायक.

बर्मिंगहॅममध्ये जमैकाहून आलेल्या कुटुंबांची मोठी वस्ती आहे. तेथल्या फ्रेडी वेट या जुन्या जमैकन गायकाने आपली दोन मुले, ज्युनियर आणि पॅट्रिक, तसेच मायकेल आणि केल्विन हे ग्रँट बंधू यांना घेऊन ‘म्युझिकल यूथ’ हा वाद्यवृंद उभा केला. सुरुवातीला वेट स्वतःच गात असत. पुढे मोठ्या कंपनीशी करार झाला, तेव्हा मुख्य गायक म्हणून सीटन आला. धाकटा केल्विन तेव्हा जेमतेम ११ वर्षांचा होता.

१९८२ साली आलेले त्यांचे ‘पास द डची’ हे ‘मायटी डायमंड्स’ या जमैकन त्रयीच्या गाण्याचे नवे रूप होते. मूळ गाण्यात गांजाची चिलीम पुढे सरकवली जाते. शाळकरी मुलांच्या तोंडी ते शोभणार नाही म्हणून चिलमीच्या जागी स्वयंपाकाचे भांडे आले आणि गांजाच्या जागी अन्न. बदल केला तो सोवळेपणापायी, पण ब्रिटनमध्ये बेकारांची संख्या ३० लाखांच्या पुढे गेली होती, त्या वर्षी घरात अन्न नसल्याचे गाणे मुलांच्या तोंडून ऐकताना त्याला भलतीच धार आली, असे मला वाटते. डॉन लेट्स यांनी केलेल्या चित्रफितीत ही मुले थेम्सच्या काठी, पार्लमेंटच्या इमारतीसमोर वाजवताना दिसतात. ब्रिटनमधल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत गाणे सव्विसाव्या क्रमांकावरून एका आठवड्यात पहिल्यावर गेले आणि तेथे तीन आठवडे राहिले. अमेरिकेत ते दहाव्या क्रमांकापर्यंत पोहोचले. अमेरिकन गायिका डोना समरसोबतचे गाणे, ग्रॅमीचे नामांकन, सारे पाठोपाठ आले.

उतरणही तितकीच वेगवान होती. ज्या व्यवसायाने त्यांचे कोवळे वय विकले, त्याच्याजवळ आवाज फुटलेल्या मुलांसाठी काहीही योजना नव्हती. १९८३ ची दुसरी ध्वनिमुद्रिका पहिलीइतकी चालली नाही आणि १९८५ मध्ये सीटन बाहेर पडला. १९८९ मध्ये त्याने एकट्याच्या नावावर ध्वनिमुद्रिका काढली. तिचा फारसा गाजावाजा झाला नाही. १९९३ मध्ये बास गिटार वाजवणारा पॅट्रिक वेट हृदयविकाराने, अवघ्या चोविसाव्या वर्षी गेला.

२००१ मध्ये सीटन आणि मायकेल ग्रँट या दोघांनी ‘म्युझिकल यूथ’ पुन्हा सुरू केले आणि २०१८ मध्ये नवी ध्वनिमुद्रिकाही काढली. २०२२ मध्ये ‘स्ट्रेंजर थिंग्ज’ या मालिकेमुळे ते जुने गाणे नव्या पिढीच्या कानी पडले, तेव्हा सीटनने पन्नाशी ओलांडली होती आणि तो ते अजूनही रंगमंचावर गात होता, अर्थात पंधरा वर्षांच्या मुलाच्या आवाजात नव्हे.