सरासरीच्या आड राहिलेली माणसे

श्रोतेहो, नमस्कार.

१८४२ साली एडविन चॅडविक या ब्रिटिश अधिकाऱ्याने मजूरवर्गाच्या वस्त्यांमधील अस्वच्छतेविषयी एक मोठा अहवाल प्रसिद्ध केला. त्यातल्या एका तक्त्यात मृत्यूंची विभागणी कुटुंबाच्या व्यवसायानुसार केलेली होती. लिव्हरपूल शहरात जमीनदार आणि प्रतिष्ठित पेशातील कुटुंबांमध्ये मृत्यूसमयीचे सरासरी वय ३५ वर्षे होते, व्यापाऱ्यांच्या कुटुंबांमध्ये २२ आणि मजुरांच्या कुटुंबांमध्ये अवघे १५. रटलंड या शेतीप्रधान परगण्यात हेच आकडे ५२, ४१ आणि ३८ असे होते. मजूर पंधराव्या वर्षी मरत असत, असा याचा अर्थ कोणी घेऊ नये. पाळण्यातच दगावणारी बालके इतकी होती की त्यांच्यामुळे सरासरी खाली ओढली गेली होती. आजच्या सांख्यिकीच्या कसोटीवर हा तक्ता पुरता उतरणार नाही, कारण एखाद्या वस्तीत लहान मुले जास्त असली की तेथील मृत्यूचे सरासरी वय आपोआपच कमी भरते. तरीही त्याने जे उघड केले, ते नंतर कोणाला झाकता आले नाही. मरणापुढे सारे सारखे असे आपण म्हणतो खरे, पण मरण येण्याची वेळ मात्र माणूस कोठे राहतो आणि कशावर पोट भरतो यावर मोठ्या प्रमाणात ठरत होती, आणि खेड्यातला मजूरसुद्धा त्या हिशोबात शहरातल्या धनिकाच्या पुढे होता.

चॅडविकने संपूर्ण लिव्हरपूलचा एकच आकडा दिला असता, तर यातले काहीही दिसले नसते. सार्वजनिक आरोग्य विभागाच्या कामाबद्दल मला आज जे सांगायचे आहे ते याच्याशीच निगडित आहे. असा विभाग कोणत्याही देशात असो, लहान असो वा मोठा, त्याची कामे साधारण ठरलेली असतात : पाण्याचे नमुने तपासणे, डासांच्या उत्पत्तीस्थानांवर लक्ष ठेवणे, जन्ममृत्यूच्या नोंदींवरून आजारांचा कल ओळखणे, लसीकरणाची सत्रे भरवणे, लसी दोन ते आठ अंश सेल्सिअसच्या शीतसाखळीत टिकवणे, उद्रेक झाला की रुग्णाच्या संपर्कात आलेल्यांचा माग काढणे. ही सारी कामे विभाग किती लोकांसाठी करतो, याचा हिशोब नेहमीच ठेवला जातो. ती कोणापर्यंत पोहोचली नाहीत, याचा हिशोब फार थोड्या ठिकाणी ठेवला जातो, आणि रोगप्रतिबंधाचे यश किंवा अपयश बहुतेक वेळा त्या दुसऱ्या हिशोबात दडलेले असते.

देवीच्या रोगाचे उच्चाटन हा याचा सर्वांत ठसठशीत दाखला आहे. जागतिक आरोग्य सभेने १९५९ साली देवीच्या निर्मूलनाचा ठराव केला, तेव्हा मार्ग सरळ वाटत होता : लोकसंख्येच्या ८० टक्के लोकांना लस टोचावी, म्हणजे रोग आपोआप मागे हटेल. अनेक देशांनी नेटाने लसीकरण केले आणि कागदोपत्री ती टक्केवारी गाठलीही, परंतु दाट लोकवस्तीच्या प्रदेशांत देवी तशीच राहिली. कारण ज्यांना लस देणे सोपे होते त्यांनाच ती पुन्हा पुन्हा दिली जात होती आणि भटके, स्थलांतरित मजूर, गावकुसाबाहेरचे लोक यादीतच नव्हते. १९६७ साली मोहीम नव्याने आणि अधिक जोमाने सुरू झाली, तेव्हा तीसहून अधिक देशांत देवी वावरत होती.

त्याच सुमारास, म्हणजे १९६६ च्या डिसेंबरात, पूर्व नायजेरियात विल्यम फेगी या तरुण डॉक्टरपुढे एक अडचण उभी राहिली. देवीची लागण दिसून आली होती आणि सर्वांना टोचण्याइतकी लस हाताशी नव्हती. तेव्हा त्याने त्या भागातील मिशनऱ्यांना रेडिओ संचांवरून संदेश पाठवले, आपापल्या परिसरातील गावांत देवीचा रुग्ण आहे का याची चौकशी करायला सांगितले आणि उत्तरे आली तशी नकाशावर मांडली. जेथे रुग्ण सापडले तेथे रुग्णाच्या घरच्यांना, शेजाऱ्यांना आणि संपर्कातील लोकांना लस टोचली, आणि जेथे ते लोक ये-जा करत असत तेथेही टोचली. लोकसंख्येचा मोठा भाग लसीविना राहूनही साथ थांबली. रेडिओवरून बोलताना या प्रसंगाची आठवण काढण्याचा मोह मला आवरला नाही, हे कबूल करतो. पण त्यातला मुद्दा यंत्राचा नसून प्रश्नाचा आहे. ‘किती टोचून झाले?’ या प्रश्नाऐवजी ‘रोग आज नेमका कोठे आहे?’ हा प्रश्न विचारला गेला.

हीच पद्धत पुढे ‘शोध आणि वेढा’ या स्वरूपात सर्वत्र वापरली गेली. भारतात १९७३ पासून आरोग्य कर्मचारी देवीच्या रुग्ण बालकाचे चित्र असलेले कार्ड घेऊन दारोदार फिरले, बाजारात आणि शाळांत चौकशी करत राहिले, आणि रुग्णाची खबर देणाऱ्याला बक्षीस जाहीर झाले. १९७५ च्या मे महिन्यात भारतातील शेवटचा रुग्ण नोंदला गेला, १९७७ साली सोमालियात निसर्गतः लागण झालेला जगातील शेवटचा रुग्ण सापडला, आणि ८ मे १९८० रोजी देवी नष्ट झाल्याची अधिकृत घोषणा झाली. या यशाच्या कथेत एक काळी बाजूही आहे, ती वगळून चालणार नाही. शेवटच्या टप्प्यात काही ठिकाणी नकार देणाऱ्यांना बळजबरीने लस टोचण्यात आली. त्यावेळच्या घाईत ते क्षम्य वाटले असेल, परंतु एरवी वर्षानुवर्षे ज्या वस्तीकडे कोणी फिरकत नाही तेथे सरकारी माणसे अचानक सुई घेऊन येतात, तेव्हा पुढच्या पिढीतही दार लवकर उघडत नाही.

गोवराच्या बाबतीत हा हिशोब अधिक कठोर आहे. कोणालाच प्रतिकारशक्ती नसलेल्या समाजात गोवराचा एक रुग्ण सरासरी १२ ते १८ जणांना लागण करू शकतो, आणि म्हणून सुमारे ९५ टक्के मुलांना दोन्ही डोस मिळाले तरच साथ रोखता येते. आता समजा, एका विभागाच्या हद्दीत १,००० मुले आहेत आणि ९५० मुलांना लस मिळाली आहे. उरलेली ५० मुले हजारांत विखुरलेली असतील, तर विषाणूला पुढे सरकायला वाटच सापडत नाही. परंतु तीच ५० मुले जर एकाच वस्तीत असतील, तर त्या वस्तीपुरते लसीकरण शून्य टक्के असते, आणि एक रुग्ण आला की काही आठवड्यांत घराघरात अंगावर पुरळ दिसू लागते. दोन्ही प्रसंगी वरिष्ठांकडे जाणारा अहवाल एकच : ९५ टक्के, उद्दिष्ट पूर्ण. आणि प्रत्यक्षात ही ५० मुले विखुरलेली नसतातच. आरोग्य केंद्र दूर असणे, रोजंदारी बुडवणे न परवडणे, भाषा निराळी असणे, मागच्या वेळी अपमान झालेला असणे, ही कारणे शेजारच्या घरांना सारखीच लागू होतात, त्यामुळे वंचित मुले एकत्रच आढळतात.

रोगप्रतिबंध हा बहुतेकांच्या मनात जंतूंशी जोडलेला विषय असतो, पण तो तेवढाच नाही. १९१४ साली अमेरिकेच्या सार्वजनिक आरोग्य सेवेने जोसेफ गोल्डबर्गर या डॉक्टरला पेलाग्रा या रोगाच्या चौकशीसाठी दक्षिणेकडील राज्यांत पाठवले. कातडी खरबरीत आणि काळवंडलेली होणे, जुलाब आणि अखेर बुद्धिभ्रंश अशी या रोगाची लक्षणे, आणि तो संसर्गजन्य आहे अशी बहुतांश तज्ज्ञांची समजूत. गोल्डबर्गरच्या मात्र लक्षात आले की अनाथाश्रमांत आणि मनोरुग्णालयांत तेथे राहणाऱ्यांना पेलाग्रा होतो, त्यांच्यामध्ये दिवसभर वावरणाऱ्या कर्मचाऱ्यांना होत नाही. जंतू असा भेदभाव करत नाही, स्वयंपाकघर करते. आहारात दूध, अंडी, मांस आणि कडधान्ये वाढवल्यावर त्या संस्थांतून रोग जवळजवळ नाहीसा झाला. तरीही तज्ज्ञांचे समाधान होईना, तेव्हा त्याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९१६ साली रुग्णांचे रक्त स्वतःला टोचून घेतले आणि त्यांच्या मलमूत्राचा अंश असलेल्या गोळ्या गिळल्या. कोणालाही पेलाग्रा झाला नाही.

माझ्या मते त्याचे खरे मोठे काम यानंतरचे आहे. एडगर सिडनस्ट्रायकर या अर्थशास्त्रज्ञाला बरोबर घेऊन त्याने साउथ कॅरोलायनातील कापडगिरण्यांच्या वसाहतींत घरोघरच्या मिळकतीची आणि जेवणाची नोंद केली, आणि मिळकत जितकी कमी तितका पेलाग्रा अधिक, हे आकड्यांनिशी दाखवले. ज्या भागात शेताच्या बांधापर्यंत फक्त कापूस पेरला जात होता आणि मजुराच्या ताटात मका, काकवी आणि चरबी एवढेच उरत होते, तेथे रोगाचे मूळ शेतीव्यवस्थेत होते. पेलाग्रा रोखणारे जीवनसत्त्व कोणते, हे १९३७ साली कळले. पण ते मिळण्याच्या कितीतरी आधी रोगाचे कारण शोधून काढले गेले होते, आणि ते ऐकणे त्या प्रदेशातील अनेक पुढाऱ्यांना रुचले नव्हते. आरोग्य विभागाने घराच्या उत्पन्नाबद्दल बोलू नये, तो त्याचा विषय नाही, हा आक्षेप आजही घेतला जातो. गोल्डबर्गरने तसे मानले असते, तर तो जन्मभर जंतूच शोधत बसला असता.

दारिद्र्य संपले की विषमता संपेल, असे मात्र कोणी समजू नये. १९६७ साली लंडनमधील सुमारे १८,००० पुरुष सरकारी नोकरांचा दीर्घकालीन अभ्यास सुरू झाला. यातले कोणीच बेकार किंवा उपाशी नव्हते, साऱ्यांना कायमची नोकरी होती. तरीही शिपाई-दरवानांच्या श्रेणीत हृदयविकाराने होणारे मृत्यू सर्वोच्च श्रेणीतील अधिकाऱ्यांच्या तुलनेत तिपटीहून अधिक आढळले, आणि मधल्या श्रेणी पायरीपायरीने मधेच होत्या. धूम्रपान, रक्तदाब, कोलेस्टेरॉल या सर्वांचा हिशोब धरूनही निम्म्याहून अधिक फरक शिल्लक राहिला. याचा अर्थ सर्वांत तळाच्या लोकांसाठी एखादी स्वतंत्र योजना काढली की काम झाले, असे नाही. उतार संपूर्ण समाजभर पसरलेला असतो.

याच काळात, १९७१ साली, वेल्समधील खाणकामगारांच्या गावात दवाखाना चालवणाऱ्या ज्युलियन ट्युडर हार्ट या डॉक्टरने वैद्यकीय सेवेबद्दल एक निरीक्षण मांडले : चांगल्या सेवेची उपलब्धता ही तिच्या गरजेच्या उलट प्रमाणात असते. प्रतिबंधाला ते अधिकच लागू पडते. व्यायाम करा, तंबाखू सोडा, वेळेवर तपासणी करून घ्या, असे सांगणारी मोहीम प्रथम त्यांच्या उपयोगी पडते ज्यांच्याजवळ वेळ, शिक्षण आणि थोडीफार शिल्लक असते. म्हणजे अशी मोहीम यशस्वी झाली तरी दरी रुंदावण्याचीच शक्यता असते. उलट ज्या उपायासाठी माणसाला स्वतः काहीच करावे लागत नाही, तो सर्वांपर्यंत जातो. १९२२ साली स्वित्झर्लंडमध्ये आणि १९२४ साली अमेरिकेतील मिशिगन राज्यात मिठात आयोडीन मिसळण्यास सुरुवात झाली, आणि ज्या भागांत गळ्याशी गलगंड घेऊन फिरणारी माणसे नित्याची होती तेथे पुढच्या पिढीत तो दुर्मीळ झाला. त्यासाठी कोणाला गलगंडाविषयी व्याख्यान ऐकावे लागले नाही. आरोग्यशिक्षण निरुपयोगी आहे असे माझे म्हणणे नाही, नाहीतर मी या ध्वनिक्षेपकासमोर बसलो नसतो. पण विभागाचा पैसा आणि मनुष्यबळ यांचा मोठा वाटा भित्तिपत्रकांवर जातो आणि नळाच्या पाण्यावर जात नाही, तेव्हा प्राधान्यक्रम चुकला आहे असे मला वाटते.

मग विभागाने काय करावे? पहिली गोष्ट अगदी दप्तरी आहे : प्रत्येक आकडा वस्ती, उत्पन्न, लिंग आणि व्यवसाय यांनुसार फोडून प्रसिद्ध करावा, आणि पहिला डोससुद्धा न मिळालेल्या बालकांची यादी टक्केवारीच्या आधी मांडावी. दुसरी गोष्ट वेळेची आहे. लसीकरणाचे सत्र कामाच्या दिवशी सकाळी दहा ते दुपारी दोन या वेळेत भरत असेल, तर रोजंदारीवर जाणाऱ्या आईला आपण येऊ नका असेच सांगत असतो. नंतर तिच्या नावापुढे ‘पालक उदासीन’ असा शेरा मारणे हा निव्वळ अन्याय आहे. तिसरी गोष्ट माणसांची. साथ आली की तात्पुरते कर्मचारी भरायचे आणि ती ओसरली की त्यांना घरी पाठवायचे, ही रीत जगभर दिसते, आणि त्यांच्याबरोबर कोणत्या गल्लीत कोण आजारी असते, कोणाचे ऐकून दार उघडले जाते, हे ज्ञानही निघून जाते. स्थलांतरितांच्या वस्तीची यादी काही महिन्यांतच जुनी होते, आणि ती नव्याने करण्यासाठी कोणाला तरी पुन्हा दारोदार जावे लागते. यंदाच्या अंदाजपत्रकात त्या फेरीसाठी पदे आणि पैसा आहे का, हा प्रश्न प्रत्येक नागरिक आपल्या आरोग्य विभागाला विचारू शकतो, आणि त्याचे उत्तर आकड्यांतच मागावे.

नमस्कार.